निनावी नाव

एडवणच्या आमच्या घराचा ओटा समुद्राकडे तोंड करून बसलेला आहे. घर जुनं, कौलारू. मागे नारळ, चार-दोन सुपाऱ्या, तोंडलीचा मांडव. पुढे वाळूत अर्धी बुडालेली पायवाट, सुरूच्या झाडांतून वळणं घेत पुळणीवर उतरणारी. सुरू आता मोजकेच राहिलेत. दर पावसाळ्यात समुद्र त्यांतले काही उपटतो आणि मग हिवाळाभर ती खोडं मुळं वर करून पडलेली असतात. दिवस बुडतो, पाण्यावरची तांबूस साय हळूहळू विरते, आशापुरीच्या देवळातली घंटा दोनदा वाजून गप्प होते, आणि त्या गप्प झालेल्या जागेत, लांब, जिथे पाणी कुठलं आणि आभाळ कुठलं हे सांगता येत नाही तिथे, एक दिवा लागतो. मग दुसरा. मग इतके, की त्या अंधारात कुणी रातोरात गाव वसवलं असावं.

ती मालाची जहाजं.

आजोबा ओट्यावर बसून ते दिवे मोजायचे. तरुणपणी काही वर्षं ते मचव्यावर खलाशी होते. गवताचे भारे, जळाऊ लाकूड, कधी भात, असा माल भरून वैतरणेच्या मुखातून ओहोटीबरोबर बाहेर पडायचं, पहाटेचा मतलई वारा शिडात घ्यायचा आणि अर्नाळा डाव्या हाताला टाकून मुंबईची वाट धरायची. दक्षिण कोकणाच्या वाट्याला आगबोट आली, आमच्या वाट्याला आगगाडी. म्हणून आमच्याकडच्या शिडाच्या नावांवर कुणी फारसं लिहिलं नाही. पण आजोबांच्या बोलण्यात त्या शेवटपर्यंत हलत राहिल्या. रिकामा मचवा पाण्यावर नाचतो, कुरकुरतो, प्रत्येक लाटेशी भांडतो. भरलेला मचवा खोल बसतो आणि आवाज न करता जातो. ‘आवाजावरनं कळतं पोटात काय हाय ते,’ असं ते म्हणायचे आणि मग बराच वेळ स्वतःही आवाज करायचे नाहीत.

आजीचं जग ओट्याच्या दुसऱ्या टोकाला. तिथे सुपात काहीतरी निवडायला असायचं, दोरीवर बोंबील वाळत असायचे आणि त्यांच्या वासानं येणारे कावळे, मांजरं, शेजारच्या कोंबड्या ह्यांच्याशी तिची दिवसभर लढाई चालायची. ह्या लढाईत तिचं हत्यार एकच. हातातली शिराळी काठी ओट्यावर आपटायची आणि ओरडायची, ‘चले जाव! चले जाव म्हणते ना!’

मला वाटायचं, ही कोंबड्यांची भाषा असणार.

आमच्या घरात कुणी हिंदी बोलत नसे. आजीला तर मराठीचंही शाळेतलं वळण ठाऊक नव्हतं. तरीही ते दोन शब्द तिच्या तोंडून इतके सहज, इतके ठसक्यात यायचे की जन्मतःच ते तिला मिळाले असावेत. कावळ्यासाठी तेच, दारात बसणाऱ्या बैलासाठी तेच, माझ्या ताटाभोवती घोंगावणाऱ्या माशीसाठीही तेच. पुढे शाळेत बेचाळीसचा धडा आला, बाईंनी फळ्यावर मोठ्या अक्षरांत ते दोन शब्द लिहिले, आणि मी खुदकन हसले. बाईंनी मला उभं केलं. काय सांगणार होते मी त्यांना?

आजीला विचारलं, तर ती म्हणाली, ‘तवा सगळेच म्हणायचे. पालघरला गोळ्या घातल्या ना, त्या साली.’ कोण म्हणायचं, कुणासाठी म्हणायचे, पहिल्यांदा कोण म्हणालं, हे तिनं कधी कुणाला विचारलं नव्हतं. शब्द दारात आला, तिनं घरात घेतला. परक्याच्या पोराला जेवायला वाढावं तसं.

पहिल्यांदा कोण म्हणालं, हे मला कळलं ते मुंबईला कॉलेजात आल्यावर, फार उशिरा. गवालिया टँकच्या मैदानावर पोरं क्रिकेट खेळत होती. त्यांचा चेंडू चुकवत मी चालले होते आणि माझ्या पिशवीत ग्रंथालयातून आणलेलं एक जीर्ण पुस्तक होतं. त्यात एका माणसाचा फोटो होता. चष्मा, भरगच्च केस, ओठांच्या कोपऱ्यात आवरून धरलेलं हसू. युसुफ मेहेरअली. खाली लिहिलं होतं, मुंबईचे महापौर, १९४२.

‘महापौर’ हा शब्द तरी कुणाचा? सावरकरांनी घडवलेला. आज नगरसेवकांपासून रिक्षावाल्यांपर्यंत सगळे तो बिनदिक्कत वापरतात, आणि घडवणाऱ्याची आठवण कुणाला होत नाही. शब्दाचं हे बरं असतं. तो एकदा चालू लागला की मागे वळून बापाकडे पाहत नाही. आपल्या मराठीनं तर एक गंमतच करून ठेवली आहे: माणसाचं ते नाव आणि पाण्यावरची तीही नाव. एक सांगायचं, एक वल्हवायची. माझ्या लहानपणी मला दोन्ही एकच वाटायचं. कुणी ‘तुझं नाव काय गं?’ विचारलं की मनाच्या तळाशी कुठेतरी एक शीड हलायचं.

मेहेरअलींचं नाव जड होतं. १९०३ साली मुंबईतल्या एका सधन व्यापारी घराण्यात त्यांचा जन्म. पूर्वजांनी शहरातल्या अगदी सुरुवातीच्या कापडगिरण्यांपैकी एक उभी केलेली. गिरणी म्हणजे कापूस, कापूस म्हणजे गाठी, गाठी म्हणजे गोदी, आणि गोदी म्हणजे ती दूरवरची दिव्यांची रांग. त्या काळच्या मुंबईत कुठल्याही श्रीमंत घराच्या जोत्याचा दगड उचलला असता तर खाली खारं पाणी लागलं असतं. अशा घरातला मुलगा एलफिन्स्टनमध्ये शिकतो, कायद्याची परीक्षा देतो, त्याची गादी त्याची वाट पाहत असते, खतावणीचं कोरं पान त्याच्यासाठी उघडून ठेवलेलं असतं. आणि हा त्या पानावर काहीच लिहीत नाही. कायद्याची सनद मागायला जातो, तर त्याच्या राजकारणामुळे उच्च न्यायालय ती नाकारतं. व्यापारी घरात ह्याला काय म्हणतात, हे मला ठाऊक आहे. बुडीत खातं.

मला त्यांचा एक प्रसंग सारखा दिसतो. फेब्रुवारी १९२८, तीन तारीख. सायमन कमिशनची बोट मुंबईला लागणार. सात जणांच्या त्या कमिशनमध्ये एकही हिंदी माणूस नाही. मेहेरअली आणि त्यांचे तरुण सोबती आधी ठरवतात की मचवे घेऊन समुद्रातच ह्या साहेबांना गाठायचं. बेत फुटतो. पोलीस सावध होतात. मग ही श्रीमंतांची, शिकलेली मुलं हमालांचे कपडे चढवतात, डोक्याला मुंडासं गुंडाळतात आणि अंधारात हमालांच्या लोंढ्यात मिसळून बॅलार्ड पिअरच्या धक्क्यावर पोचतात. ज्या गोदीतल्या हमालांच्या पाठीवर त्यांच्यासारख्यांची घरं उभी राहिली, त्याच हमालांचा सदरा. अंगात घालताना त्या सदऱ्याला घामाचा, तागाचा, डांबराचा वास आला असेल. कापडगिरणीवाल्याच्या पणतवाला असं कापड पहिल्यांदाच कातडीला लागलं असेल, असं मला उगाच वाटतं. बोट लागते, पाहुणे उतरतात (त्यांत क्लेमंट अॅटली नावाचा एक अबोल गृहस्थ, एकोणीस वर्षांनी ज्याच्या पंतप्रधानकीत हा देश सुटणार होता), आणि हमालांच्या गर्दीतून तीन शब्द उसळतात: सायमन, गो बॅक. तेही मेहेरअलींनीच जुळवलेले. लाठ्या पडतात. शब्द तिथून निसटतो आणि आगगाडीच्या वेगानं देशभर जातो. त्याच वर्षाच्या ऑक्टोबरात लाहोरला लाला लजपतरायांच्या मिरवणुकीत तो असतो, त्यांच्या छातीवर लाठ्या बसतात तेव्हाही असतो.

मुंबईच्या धक्क्यावरून माल परदेशी जायचा, तसा हा माल देशात आत गेला. बिलावर पाठवणाऱ्याचं नाव नव्हतं.

नंतरची वर्षं मी झपाट्यानं उलटते, कारण ती तुरुंगांची आणि सभांची आहेत आणि तशी वर्षं त्या पिढीत पुष्कळांची सारखीच दिसतात. १९३४चा काँग्रेस समाजवादी पक्ष, १९३८ साली अमेरिकेत भरलेल्या जागतिक युवक परिषदेला जाणं, लहान लहान पुस्तकं लिहिणं. त्यांतलं एक, काय वाचावं हे सांगणारं. हे मला फार आवडतं. गिरणीच्या घरातला माणूस पुस्तकांची यादी करत बसतो. घराण्याच्या सवयी जात नाहीत, फक्त माल बदलतो.

मग १९४२. फेब्रुवारीत सिंगापूर पडलं, मार्चमध्ये रंगून, एप्रिलात विशाखापट्टणमवर बॉम्ब पडले. मुंबईत खिडक्यांच्या काचांना काळे कागद लागले. किनाऱ्यावरच्या माणसांना परकी आगबोट दिसली तरी धडकी भरायची. आमच्या आळीतल्या घरांत मुंबईहून पळून आलेले पाहुणे राहिले होते, असं आजी सांगायची. पाहुण्यांचं तिला एकच आठवे: त्यांना चुलीचा धूर सोसायचा नाही. त्या भेदरलेल्या शहराला महापौर हवा होता आणि ज्याचं नाव पुढे आलं तो माणूस लाहोरच्या तुरुंगात होता. तिथून सुटून तो आला, निवडून आला, आणि फिरोजशहांच्या पुतळ्यामागच्या त्या उंच कमानींच्या इमारतीत, बोरीबंदरासमोर, खुर्चीवर बसला. वय चाळिशीच्या आतलं. तोपर्यंत इतका तरुण महापौर मुंबईनं पाहिला नव्हता.

तुरुंगाच्या घोंगडीतून सरळ त्या मखमली खुर्चीत! मला वाटतं, पहिले काही दिवस पाठीला ती मऊ गादी टोचली असेल. हवाई हल्ला झाला तर लोकांनीच लोकांना सावरावं म्हणून त्यांनी नागरिकांचं स्वयंसेवक दल उभारलं. आणि दुसरी एक गोष्ट केली, जी इतिहासाच्या पुस्तकात एका ओळीत येते आणि मला मात्र तिथे थबकायला होतं. लोकांनी लिहिलेल्या पत्रांची ते तत्काळ दखल घेत. नळाला पाणी नाही, गटार तुंबलं, दिवा फुटला. अशा पत्राला उत्तर जायचं, काम व्हायचं. हा समाजवाद असेलही. मला त्यात पेढी दिसते. जुन्या व्यापारी घरात आलेल्या चिठ्ठीचा जबाब परतीच्या टपालानं जावा लागतो, नाहीतर पत जाते. आजोबांच्या मचव्याचा मालकही म्हणे अंगठेबहाद्दर होता, पण मुंबईच्या वखारवाल्याचा निरोप आला की त्याच ओहोटीला उत्तर धाडायचा. ओहोटी चुकली तर बारा तास गेले.

त्यांची खुर्ची मात्र एका पावसाळ्यापुरतीच ठरली.

ह्या गोष्टीत इथे एक दुसरं घर येतं, खरोखरीचं जहाजवाल्यांचं. पहिलं महायुद्ध संपल्यावर वालचंद हिराचंद आणि नरोत्तम मोरारजी ह्यांनी ग्वाल्हेरच्या महाराजांकडची एक जुनी बोट विकत घेतली. युद्धात ती जखमी शिपायांचं इस्पितळ होती. तिचं नाव लॉयल्टी. सिंदिया कंपनीची ही बोट ५ एप्रिल १९१९ला मुंबईहून विलायतेला निघाली, आणि गोऱ्या कंपन्यांच्या समुद्रात हिंदी मालकीचा धूर पहिल्यांदाच इतक्या लांब गेला. बोटीचं नाव ‘निष्ठा’, आणि तिच्या मालकाच्या घरी पुढे राजद्रोह्यांचा राबता! १९२४ साली पुण्याला ससूनमध्ये शस्त्रक्रिया झाल्यावर गांधीजी विश्रांतीला राहिले ते जुहूला नरोत्तम मोरारजींच्याच बंगल्यात, माडांच्या सावलीत, लाटांच्या आवाजात. एवढ्या जहाजांचा मालक आणि त्याच्या दारी एक पंचा नेसलेला दुखणेकरी, वाळूवर अनवाणी फिरणारा.

त्या नरोत्तमांचे चिरंजीव शांतिकुमार. आणि १९४२च्या उन्हाळ्या-पावसाळ्याच्या सांध्यावरचा तो क्षण आपल्यापर्यंत पोचला तो ह्या शांतिकुमारांच्या सांगण्यातून. गांधीजी सोबत्यांशी बोलत होते. इंग्रजांना जायला सांगायचं, पण कुठल्या शब्दांत? कुणी म्हणालं, ‘गेट आउट’. गांधीजींना ते उद्धट वाटलं. राजाजींनी माघारीचे, निघून जाण्याचे दोन सौम्य शब्द सुचवले. तेही रुचले नाहीत. मग मेहेरअलींनी एक धनुष्य गांधीजींना भेट दिलं आणि त्यावर कोरलेलं होतं, क्विट इंडिया. गांधीजी म्हणाले, ‘आमेन.’

मी ह्या प्रसंगाभोवती पुष्कळदा घुटमळले आहे. दीडशे वर्षांचं राज्य घालवायचं आणि माणसं शब्दाचा पोत चाचपून बघताहेत, जरा खरबरीत आहे का, जरा मऊ आहे का. कापडाच्या दुकानात बायका पदर बोटांत धरून बघतात तसं. आणि नेमका कापड गिरणीवाल्यांच्या घरचा माणूस तो पोत हातात ठेवतो. जहाजवाल्याच्या घरचा माणूस ते बघत असतो, लक्षात ठेवतो. वहीत ना वजन, ना दर. पण मुंबईच्या बंदरातून एवढा मौल्यवान माल तोवर कधी हलला नसेल.

मेहेरअलींनी त्या दोन शब्दांचे हजारावर बिल्ले तयार करून घेतले होते. छोटीशी पुस्तिकाही. ऑगस्टच्या ७-८ तारखांना गवालिया टँकवर अधिवेशन भरलं, ठराव झाला, आणि ९च्या पहाटे शहर जागं व्हायच्या आत शहराचा महापौर पकडला गेला. इतर पुढारीही. बंदरात उभ्या बोटींचे नांगर कुणी तोडावेत तसं झालं. पण शब्द केव्हाच निघाला होता. रेल्वेनं, सायकलीवरून, मासळीच्या पाट्यांतून, ओठांवरून. वाटेत कुठेतरी त्याचे इंग्रजी कपडे गळून पडले आणि तो झाला ‘चले जाव’. मूळ शब्दांहून जरा उद्धट, जरा अंगणातला. गांधीजींनी जो उद्धटपणा टाळायला सांगितलं तोच लोकांनी हळूच परत आत घेतला, असं मला वाटतं आणि त्याचं हसूही येतं.

पाच दिवसांत तो पालघरला पोचला.

१४ ऑगस्ट १९४२. मी पंचांग काढून बघितलं. दोनच दिवसांपूर्वी अमावास्या झालेली. म्हणजे किनाऱ्यावरचा कुणीही पोर सांगेल, त्या दिवशी उधाण होतं आणि भरती भर दुपारची. नारळी पौर्णिमेला अजून दहा-बारा दिवस. होड्या पुळणीवर ओढून झावळ्यांखाली झाकलेल्या, जाळी घरात, समुद्र बंद. हात रिकामे असलेली माणसं गावागावांतून पालघरच्या कचेरीकडे चालत निघाली होती. भाताची लावणी झालेली, शेतांत गुडघाभर हिरवं पाणी, रस्त्यावर चिखल, आणि त्या चिखलातून शेकडो अनवाणी पावलांचा तो चपचपाट. मोर्चाच्या घोषणांपेक्षा मला नेहमी तो चपचपाट आधी ऐकू येतो.

गोळ्या सुटल्या. पाच जण पडले. सातपाटीचा काशिनाथ हरी पागधरे, नांदगावचा गोविंद गणेश ठाकूर, पालघरचा रामप्रसाद भिमाशंकर तिवारी, मुरब्याचा रामचंद्र माधव चुरी, सालवडचा सुकूर गोविंद मोरे.

पागधरे. पाग म्हणजे हातानं फेकायचं गोल जाळं. पाग धरणारा तो पागधरे. ह्या आडनावाचा उच्चार केला की माझ्या डोळ्यांसमोर कमरेइतक्या पाण्यात उभा असलेला माणूस येतो, त्याच्या हातातून जाळं सुटतं, हवेत क्षणभर पूर्ण गोल उघडतं, आणि पाण्यावर पडतं. त्या दुपारी सातपाटीच्या काशिनाथच्या हातात पाग नव्हता. त्याच्या तोंडात मुंबईच्या महापौराचे दोन शब्द होते, आणि त्या महापौराचं नाव त्याला ठाऊक होतं की नव्हतं, कोण जाणे. त्या महापौरालाही, कोठडीत बसल्या जागी, सातपाटी नावाचं गाव कुठे आहे हे ठाऊक असायचं कारण नव्हतं. दोन माणसं, एकाच शब्दाच्या दोन टोकांना. मध्ये साठ मैलांचा पाऊस.

तेव्हा समुद्र किनाऱ्याच्या अगदी वरच्या रेषेपर्यंत भरून आला असणार. हे मला पंचांगानं सांगितलं; कुठल्याही पुस्तकात नाही.

आमची नदी वैतरणा. तिच्या नावाची एक आगबोट होती. १८८८च्या नोव्हेंबरात कच्छच्या मांडवीहून मुंबईला निघाली, शेकडो माणसं घेऊन, आणि सौराष्ट्राच्या किनाऱ्यालगत वादळात नाहीशी झाली. फळकूटही सापडलं नाही म्हणतात. बोटीवर विजेचे दिवे होते म्हणून लोक तिला ‘विजळी’ म्हणत, आणि आजही गुजरातेत तिची आठवण त्याच नावानं आहे; कागदावरचं नाव तिच्याबरोबर बुडालं. वैतरणी तर परलोकाच्या वाटेवरची नदी. अशा नावाची बोट कोण काढतं, असं आजोबा वैतागून म्हणायचे. मला मात्र त्यातलं दुसरंच काही खुपतं: जे नाव खलाशी, बायका, पोरं तोंडानं घेतात तेच उरतं. दप्तरातलं नाव फार तर दप्तराच्या वाळवीला.

मेहेरअलींचं पुढचं आयुष्य ओहोटीसारखं आहे, हळूहळू मागे सरकणारं. तुरुंगात हृदयविकारानं त्यांना गाठलं. सरकारनं चांगल्या इस्पितळात हलवायची तयारी दाखवली, तेव्हा त्यांनी विचारलं की माझ्याबरोबरच्या दोन आजारी कैद्यांनाही हलवणार का? नाही म्हटल्यावर तेही गेले नाहीत. व्यापारी घराण्याचा हा हिशेब बघा. देणं-घेणं सगळ्यांचं एकाच वहीत. एकट्याचं खातं उघडायचं नाही. त्या नकारानं त्यांची किती वर्षं खाल्ली कोण सांगेल! सुटल्यावरही छाती त्यांना कधी धड साथ देईना. स्वातंत्र्य आलं, त्यांनी ते आजारी शरीरानं पाहिलं. १९५०चा पावसाळा त्यांच्या गोतावळ्याला फार वाईट गेला. ११ जूनला साने गुरुजी गेले. तीन आठवड्यांनी, २ जुलैला, मेहेरअली. पन्नाशीही गाठली नव्हती.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाराच्या ठोक्याला मुंबई थांबली. ट्राम, बस, आगगाडी, गिरण्या, शेअर बाजार. कधी न थांबणारं शहर काही मिनिटं थांबलं. गिरण्यांचे पट्टे थांबल्यावर जी शांतता होते ती साधी नसते. ती कानात दडा बसल्यासारखी असते. त्या शांततेत कुठेतरी एखादा हमाल पाठीवरची गाठ तशीच घेऊन उभा राहिला असेल, जुन्या धक्क्यावर, बॅलार्ड पिअरला. खाली ठेवू की नको, ह्या विचारात.

नंतर पनवेलच्या पुढे तारा नावाच्या गावी त्यांच्या नावानं एक केंद्र उभं राहिलं, डॉ. जी. जी. पारीखांनी ते चालवलं. मी एकदा तिथून घाण्याचं तेल आणि साबण आणला होता. आईनं विचारलं, ‘कुठला गं हा साबण?’ मी म्हटलं, ‘मुंबईच्या महापौराचा.’ तिला वाटलं, चेष्टा करते आहे.

गेल्या वर्षी १४ ऑगस्टला मी मुद्दाम पालघरला गेले. पाचबत्तीवर हुतात्मा स्तंभाशी माणसं जमलेली. शाळेतली मुलं भिजलेल्या गणवेशात, म्हातारे छत्र्या मिटून उभे, काही कोळणी डोक्यावरची पाटी खाली ठेवून. हार घातले गेले, आणि सगळे गप्प झाले. रिक्षा थांबल्या, बोईसरकडे निघालेला एक ट्रक थांबला. ट्रकच्या काचेवर वायपर तेवढा हलत राहिला. गर्दीत दोघंतिघं वाढवण बंदरावर हलक्या आवाजात बोलत होते. डहाणूजवळ आता मोठं बंदर होणार, ३० ऑगस्ट २०२४ला पंतप्रधानांनी पायाभरणी केली, शहात्तर हजार कोटींचं काम. आणि किनाऱ्यावरच्या भिंतींवर किती वर्षं झाली, तीच ओळ: एकच जिद्द, वाढवण बंदर रद्द. ही ओळ पहिल्यांदा कुणी जुळवली? कुणाला ठाऊक नव्हतं. एक म्हातारा म्हणाला, ‘सगळ्यांचीच हाय ती.’ बरोबर आजीसारखं.

मला तिथे मेहेरअलींचं नाव कुणी घ्यावं असं वाटत होतं. कुणी घेतलं नाही. पाच नावं मात्र घेतली, एकेक, गावासकट. ते ऐकताना मला माझ्या त्या अपेक्षेची जरा लाज वाटली.

सफाळ्याला उतरले, एसटी मिळाली, एडवणला पोचेपर्यंत चार वाजले. भरती ओसरून गेली होती, ओली रेघ वाळूवर चकाकत होती. घर बंद असतं हल्ली. मी येते तेव्हाच दार उघडतं. ओट्यावर शेजारच्या दोन कोंबड्या अंग फुगवून बसल्या होत्या, पावसाच्या आडोशाला. आजीची काठी अजून खुंटीला आहे. मी ती हातात घेतली, ओट्यावर आपटली, आणि लहानपणापासून जिभेवर असलेले ते दोन शब्द तोंडाशी आले.

तोंडाशी आले आणि तिथेच राहिले. सकाळची पाच नावं आडवी आली.

‘हुश,’ मी म्हटलं.

कोंबड्या हलल्या नाहीत. मी काठी भिंतीला टेकवली आणि त्यांच्या शेजारी, जरा अंतर ठेवून, ओल्या कपड्यांनी तशीच बसले. पावसाचा पडदा जरा विरळ झाला होता. लांब पाण्यावर पहिला दिवा लागायला अजून बराच वेळ होता.